एशियन ग्रीन सॅलड: पानं कुरकुरीत, ड्रेसिंग चटकदार

नमस्कार! आज करूया हिरव्या पानांचं एशियन सॅलड आणि त्याचं आंबट-खारट, तिळाच्या वासाचं ड्रेसिंग. चार जणांना पुरेल एवढं. या व्हिडिओत सगळ्यात जास्त वेळ जाणार आहे पानं कोरडी करण्यात, कारण हे सॅलड बहुतेक वेळा तिथेच बिघडतं.

एकूण २०० ग्रॅम पानं घ्या. निम्मा लेट्यूस, बाकी बेबी पालक, कोवळा पाक चोय (जाड पांढऱ्या देठांची चिनी पालेभाजी) आणि थोडा नापा कोबी (लांबट चिनी कोबी). पाक चोयचे पांढरे देठ टाकू नका, तिरके पातळ चिरा. सॅलडला खरा कुरकुरीतपणा त्यांच्यामुळेच येतो. कोबी अगदी बारीक चिरा. जाड राहिला तर ड्रेसिंग त्याला धरत नाही.

आता सगळी पानं बर्फाच्या पाण्यात १० ते १५ मिनिटं बुडवून ठेवा. मलूल झालेली पानं पाणी शोषून घेतात आणि पुन्हा ताठ होतात. माती असेल तर ती खाली बसते, म्हणून पानं हाताने वर उचलून काढा. भांडं चाळणीत उपडं केलंत तर तीच माती परत पानांवर येईल.

आणि आता कोरडी करा. सॅलड स्पिनर, म्हणजे पानं गरगर फिरवून पाणी काढणारं भांडं, असेल तर दोन-तीन वेळा फिरवा, दर वेळी साठलेलं पाणी ओतून टाका. नसेल तर स्वच्छ सुती कापडावर एकेरी थरात पसरा, वरून दुसरं कापड हलकेच दाबा. पान बोटांत धरल्यावर ओलं लागता कामा नये. पाणी राहिलं तर तेल पानाला चिकटत नाही, ड्रेसिंग पातळ होऊन तळाशी जातं, आणि चव लागत नाही म्हणून आपण अजून ओतत राहतो.

पानं कापडावर आहेत तोवर ड्रेसिंग. इथे मोठा चमचा म्हणजे १५ मिली, छोटा ५ मिली. २ मोठे चमचे राइस व्हिनेगरमध्ये (तांदळाचं व्हिनेगर) लसणाची एक लहान पाकळी किसून १० मिनिटं ठेवा. आंबटपणामुळे कच्च्या लसणाचा उग्रपणा उतरतो. मग दीड मोठा चमचा सोया सॉस, दीड छोटा चमचा साखर आणि १ छोटा चमचा किसलेलं आलं. साखर पूर्ण विरघळू द्या, तेल त्यानंतरच. तेल आधी घातलं तर साखर लवकर विरघळत नाही. तेल म्हणजे बिनवासाचं २ मोठे चमचे आणि भाजलेल्या तिळाचं १ छोटा चमचा. कच्च्या तिळाच्या तेलाला तो खमंग वास नसतो, आणि भाजलेल्याचं प्रमाण वाढवलं तर दुसरी कुठलीच चव उरत नाही. वेगळं मीठ नको, सोया सॉस पुरेसा खारट असतो.

साधं पांढरं व्हिनेगर वापरणार असाल तर दीड मोठा चमचाच घ्या, ते जास्त तिखट आंबट असतं.

लिंबाचा १ मोठा चमचा रस मात्र अगदी शेवटी, वाढायच्या आधी. तो ठेवून दिला की त्याचा ताजेपणा जातो. बाटलीत घालून जोरात हलवा आणि चव पानाला लावून बघा. नुसत्या चमच्यावर ड्रेसिंग थोडं जास्तच आंबट लागायला हवं, पानांवर ते बरोबर बसतं.

मोठ्या, रुंद भांड्यात पानं घ्या, ३ मोठे चमचे ड्रेसिंग कडेने सोडा आणि हाताने खालून वर उलटा. लागलं तरच अजून एक चमचा. कोथिंबीर आणि पुदिना हाताने तोडून आत्ता घाला, वर मंद आचेवर ३-४ मिनिटं भाजलेले तीळ.

आणि लगेच वाढा. मीठ पानांतलं पाणी बाहेर ओढतं, तेल पानांवरच्या मेणासारख्या थरातून आत शिरतं, त्यामुळे १०-१५ मिनिटांत पानं मऊ पडू लागतात. पाहुणे उशिरा येणार असतील तर पानं कोरड्या कापडात गुंडाळून फ्रिजमध्ये ठेवा आणि ड्रेसिंग वेगळं. उरलेलं ड्रेसिंग फ्रिजमध्ये तीन दिवस टिकतं; वापरताना पुन्हा जोरात हलवून घ्या.