कोबीचे सहा साठ, आणि बेंचवरची बारा मिनिटं

मंडळी, विषय तुम्हाला माहितीये, अमेरिकेतल्या एनबीए या बास्केटबॉल लीगमध्ये लॉस एंजेलिस लेकर्सकडून खेळलेल्या कोबी ब्रायंटने एका मॅचमध्ये साठ किंवा त्याच्या वर पॉइंट काढले अशा सहा मॅचेस. कार्यक्रमपत्रिकेत छापलंय की प्रत्येक मॅचचं विश्लेषण होईल. होईल, पण आधीच सांगतो, मी एका मॅचवर जास्त वेळ घेणार आहे आणि ती ८१ वाली नाहीये. ८१ वाली तर सगळ्यांना पाठ आहे, इथे पुढच्या रांगेत बसलेल्या मुलांचा तेव्हा जन्मही झाला नव्हता तरी त्यांना पाठ आहे. मी बोलणार आहे ६२ वर.

तारीख २० डिसेंबर २००५. लॉस एंजेलिस, समोर डॅलस मॅव्हरिक्स. आता डॅलस म्हणजे काही लिंबूटिंबू टीम नव्हती हं, डर्क नोवित्स्की होता त्यांच्याकडे, आणि त्याच सीझनला ते फायनलपर्यंत गेले. आणि लेकर्सकडे कोण होतं? त्यांचा दुसरा मोठा स्टार शॅकील ओनील, म्हणजे शॅक, २००४ मध्ये टीम सोडून गेला होता. लामार ओडम होता, चांगला खेळाडू, पण त्याच्यानंतर स्मश पार्कर, क्वामे ब्राउन, क्रिस मिम. मी कोणाला नावं ठेवत नाहीये, पण ही नावं एका दमात घेतली की कोबीवर त्या वर्षी किती भार होता ते लगेच कळतं. सीझनभराची त्याची सरासरी ३५.४ होती. सरासरी!

तर त्या मॅचमध्ये हाफ टाइमला कोबीचे ३२. तिसऱ्या क्वार्टरमध्ये अजून ३०. तीन क्वार्टर संपले तेव्हा बोर्डावर लेकर्स ९५, डॅलस ६१. आणि कोबी एकटा ६२. म्हणजे छत्तीस मिनिटांच्या खेळात एका माणसाने समोरच्या अख्ख्या टीमपेक्षा एक पॉइंट जास्त काढलाय, आणि ते पण पूर्ण वेळ न खेळता, तेहतीसेक मिनिटांतच. ३१ शॉटमध्ये १८ बास्केट, आणि फ्री थ्रो, म्हणजे फाउल झाल्यावर मिळणारे मोकळे शॉट, २५ पैकी २२.

आता चौथा क्वार्टर बाकी आहे. बारा मिनिटं. हात गरम आहे, समोरची टीम मोडलीये, तुम्ही काय कराल? मला खरंच सांगा. कोणीतरी म्हणालं सत्तर, कोणी ऐंशी, मागून आवाज आला शंभर. हो, सगळे हेच म्हणतात.

आणि तिथे काय झालं ते ब्रायन शॉने नंतर सांगितलंय. शॉ आधी कोबीसोबत खेळलेला, तेव्हा असिस्टंट कोच. हेड कोच फिल जॅक्सन, त्याने शॉला पाठवलं की जा, विचार त्याला, थोडा वेळ अजून खेळून सत्तर पूर्ण करायचेत का. कोबी म्हणाला नको, नंतर कधीतरी करेन. शॉ वैतागला, अरे असा चान्स रोज येतो का, थोड्या मिनिटांचा प्रश्न आहे. तर कोबीचं उत्तर साधारण असं, की आत्ता गरज नाहीये, गरज पडेल तेव्हा करेन. आणि तो बसून राहिला. अख्खा चौथा क्वार्टर बेंचवर. लेकर्स ११२-९० ने जिंकले.

माझं सगळं म्हणणं या बारा मिनिटांत आहे. मोठा स्कोअर दिसला की आपण विचारतो किती झाले. मी म्हणतो त्याच्याबरोबर हेही विचारा की तो थांबला कुठे आणि कोणी थांबवला. खेळाडू स्वतः थांबला, घड्याळाने थांबवला, की दुसऱ्याच कोणी? मग तो आकडा वेगळा दिसायला लागतो.

आपल्या पुण्याचंच बघा ना. बास्केटबॉल नाही, क्रिकेट, पण मला हे सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. डिसेंबर १९४८, पूना क्लबचं मैदान, महाराष्ट्र विरुद्ध काठियावाड, भाऊसाहेब निंबाळकर ४४३ नाबाद. ब्रॅडमनचा जागतिक विक्रम होता ४५२. नऊ रन! नऊ रन म्हणजे दोन चौकार आणि एक धाव, बरोबरी. आणि काठियावाडच्या कॅप्टनने, राजकोटचे ठाकूरसाहेब ते, मॅच सोडून दिली, टीम घेऊन परत गेले. निंबाळकरांनी काय करायचं? बॉल टाकायलाच कोणी नाही. आणि या माणसाला भारताकडून अधिकृत टेस्ट एकही खेळायला मिळाली नाही. मला आजही याचा राग येतो, म्हणजे लोकांना ४४३ माहीत नाही याचा नाही, ज्यांना माहितीये त्यांनाही तो ४४३ लाच का थांबला हे माहीत नसतं याचा.

आणि आता बरोबर उलटं उदाहरण. २ मार्च १९६२, पेनसिल्व्हेनियामधलं हर्शी, ते चॉकलेटवालं गाव. विल्ट चेंबरलेन, शंभर पॉइंट. फिलाडेल्फिया वॉरियर्स १६९, न्यूयॉर्क निक्स १४७. टीव्हीवर नव्हती ही मॅच, प्रेक्षक चार हजारांच्या आसपास. विल्ट त्या सीझनला सरासरी ५०.४ ने खेळत होता, म्हणजे माणूस राक्षसी होता यात वाद नाही, आणि फ्री थ्रोमध्ये कच्चा समजला जाणारा हा माणूस त्या रात्री ३२ पैकी २८ टाकतो. पण शेवटची काही मिनिटं तिथे वेगळंच चाललं होतं. निक्स मुद्दाम विल्ट सोडून बाकीच्यांना फाउल करत होते, म्हणजे बॉल त्याच्याकडे जायला नको. आणि वॉरियर्स उलट निक्सना फाउल करत होते, म्हणजे बॉल लवकर परत मिळावा आणि विल्टला द्यावा. मॅच केव्हाच संपली होती, राहिला होता फक्त आकडा. मी शंभराला कमी लेखत नाही, कोणी लेखू पण नये, पण तिथे सगळी टीम मिळून आकड्याच्या मागे धावत होती आणि डॅलसविरुद्ध कोबी आकड्याकडे पाठ करून बसला होता. या दोन गोष्टी शेजारी ठेवून बघा.

आता माझी जुनी तक्रार, ती आज ऐकावीच लागेल. ८१ ची मॅच निघाली की कोणीतरी मोबाईलवर तो तक्ता दाखवतं. ८१ पॉइंट, ४६ शॉट, असिस्ट २. आणि म्हणतं, बघा, पासच देत नाही, स्वार्थी माणूस. गेली कित्येक वर्षं हे ऐकतोय, लग्नात ऐकलंय, ट्रेनमध्ये ऐकलंय, एका शाळेच्या कोर्टवर कोचच्याच तोंडून मुलांसमोर ऐकलंय आणि ते सगळ्यात जास्त लागलं. अहो, असिस्ट कधी मोजला जातो? तुम्ही पास दिला आणि पुढच्याने लगेच बास्केट केली तर. पुढच्याने मिस केली तर तुमचा पास त्या तक्त्यात दिसतच नाही. कोबीवर दोघं धावून आल्यावर त्याने कितीदा बॉल सोडला ते तो तक्ता सांगत नाही, मॅच बघितली तरच कळतं.

आणि मुळात त्या रात्री परिस्थिती काय होती? २२ जानेवारी २००६, समोर टोरंटो रॅप्टर्स. आपल्याकडे सोमवारची सकाळ, ऑफिसला निघायची वेळ. हाफ टाइमला लेकर्स ४९, टोरंटो ६३. घरच्या कोर्टवर चौदाने मागे. तिसऱ्या क्वार्टरमध्ये हा फरक अठरापर्यंत गेला. कोबीचे तोपर्यंत चांगलेच झाले होते, पहिल्या हाफमध्ये २६, पण टीम हरत होती. महिन्याभरापूर्वी तो शॉला काय म्हणाला होता? गरज पडेल तेव्हा. ती गरज ही.

तिसरा क्वार्टर मी तुम्हाला एकदा तरी सलग बघायला सांगेन, तुकडे नाही. टोरंटो बराच वेळ झोन डिफेन्स खेळतंय, म्हणजे माणूस न धरता जागा धरायची. झोनला उत्तर म्हणजे एकतर लांबून मारा, नाहीतर मधल्या फटीत शिरा. कोबी दोन्ही करतो. आधी थ्री पॉइंटर, म्हणजे लांबून तीन पॉइंटचा शॉट टाकतो, मग त्या भीतीने डिफेन्डर एक पाऊल पुढे आला की त्याच्या बाजूने आत घुसतो, मग आत गर्दी झाली की पंधरा फुटांवर थांबून उडी मारून शॉट. जेलन रोझ समोर आला, मॉरिस पीटरसन आला, बाकीचे आले, कोणाचंच काही चाललं नाही. आणि बॉल नसताना त्याचे पाय बघा, तो उभा नसतोच, सतत कोणाच्या तरी स्क्रीनच्या, म्हणजे वाट अडवून उभ्या असलेल्या सहकाऱ्याच्या, आडून निघतोय. त्या क्वार्टरमध्ये त्याचे २७. लेकर्स एकदम पुढे, ९१-८५. चौथ्या क्वार्टरमध्ये लेकर्सचे एकूण ३१ आणि त्यातले कोबीचे २८! बाकी सगळ्या टीमचे मिळून तीन. दुसऱ्या हाफचा हिशोब केला तर कोबी ५५, टोरंटोची अख्खी टीम ४१. मॅच १२२-१०४. हे स्वार्थी असेल तर मग टीमसाठी खेळणं म्हणजे काय ते मला कोणीतरी समजावून सांगा.

टक्केवारी काढली तर अजून एक गंमत दिसते. टीमच्या १२२ पैकी ८१ म्हणजे ६६ टक्क्यांच्या वर. विल्टचे १६९ पैकी १००, म्हणजे ५९. त्या रात्रीपर्यंत विल्टच्या शंभरनंतरचा आकडा पण विल्टचाच होता, ७८, तो मागे पडला. हो, कोणीतरी नियमाचं विचारतंय, २००४ पासून लीगने बाहेर खेळणाऱ्याला हाताने अडवण्यावर कडक बंधन आणलं, त्याचा फायदा झालाच, नाही कशाला म्हणू. पण तो फायदा लीगमधल्या सगळ्यांनाच होता ना.

चिठ्ठी आली, दहा मिनिटं राहिलीत. अजून चार मॅच बाकी आहेत, भराभर घेतो.

१६ मार्च २००७, पोर्टलँडविरुद्ध, ६५ पॉइंट, ओव्हरटाइममध्ये, म्हणजे बरोबरीनंतरच्या जादा वेळेत, ११६-१११. लेकर्स सलग सात मॅच हरून आले होते. आता जर्सी आठ नंबरची नाही, चोवीस नंबरची, त्याच सीझनला बदलली. ३९ पैकी २३ शॉट, थ्री पॉइंटर १२ पैकी ८. तिथून गाडी सुटली, पुढच्या मॅचला ५०, मग २२ मार्चला मेम्फिसमध्ये ६०, १२१-११९, म्हणजे दोनाने जिंकले, आणि लगेच दुसऱ्या रात्री न्यू ऑर्लिन्समध्ये परत ५०. सलग चार मॅच पन्नास किंवा वर, आणि चारही जिंकल्या. मेम्फिसला १८ पैकी १७ फ्री थ्रो. दोनाने जिंकलेल्या मॅचमध्ये फ्री थ्रोची किंमत काय ते वेगळं सांगायला नको, इथे जी मुलं रोज प्रॅक्टिसला फ्री थ्रो टाळतात त्यांनी हे डोक्यात ठेवा.

२ फेब्रुवारी २००९, न्यूयॉर्क, मॅडिसन स्क्वेअर गार्डन, ६१. दोन दिवस आधी अँड्र्यू बायनमचा गुडघा गेला होता, म्हणजे बास्केटजवळ खेळणारा मोठा सेंटर नाही. फ्री थ्रो २० पैकी २०. बर्नार्ड किंगने १९८४ च्या ख्रिसमसला त्या कोर्टवर ६० काढले होते, तो विक्रम मोडला. रिबाउंड, म्हणजे चुकलेल्या शॉटनंतर पकडलेले बॉल, शून्य, त्यावरूनही लोक बोलतात. पण टीममधल्याच पाऊ गॅसोलचे त्याच मॅचला ३१ पॉइंट होते, म्हणजे बॉल फिरत होता. लेकर्स १२६-११७, आणि त्या वर्षीची चॅम्पियनशिप त्यांचीच.

आता माझं राहिलेलं म्हणणं, दोन मिनिटांत. सहाच्या सहा मॅच लेकर्स जिंकले. हे वाटतं तितकं सोपं नाहीये. मायकल जॉर्डनचे १९८६ च्या प्लेऑफमधले ६३ बोस्टनविरुद्ध, डबल ओव्हरटाइम, हरले. १९९३ मध्ये ऑर्लँडोविरुद्ध ६४, हरले. डेव्हिन बुकरचे २०१७ मधले ७०, हरले. कोबीचे स्वतःचे शार्लटविरुद्ध ५८, तीन ओव्हरटाइम, तेही हरलेच. म्हणजे मोठा स्कोअर आणि विजय हे आपोआप बरोबर येत नाहीत. कोबीच्या सहापैकी एका मॅचमध्ये तो काम झाल्यावर थांबला, बाकी बऱ्याच मॅचेसमध्ये काम होईपर्यंत थांबला नाही. आकडे वेगवेगळे, हिशोब एकच, म्हणून मी ६२ ला ८१ च्या शेजारी बसवतो, खाली नाही.

सहावी मॅच, १३ एप्रिल २०१६, त्याची शेवटची. आपल्याकडे १४ तारखेची सकाळ, आंबेडकर जयंतीची सुट्टी, त्यामुळे खूप जणांनी लाइव्ह बघितली. वय ३७, टीमचा सीझन १७ विजय ६५ पराभव, शरीर थकलेलं. पहिले पाच शॉट मिस. एकूण ५० शॉट, २२ बास्केट, ६० पॉइंट, आणि हो, पन्नास शॉट खूप आहेत, पण त्या रात्री टीममधल्या प्रत्येकाला त्यानेच मारावेत असं वाटत होतं. चौथ्या क्वार्टरमध्ये कोबी २३, युटा जॅझची अख्खी टीम २१. लेकर्स मागून येऊन १०१-९६. आणि साठ पूर्ण झाल्यावर, शेवटचे काही सेकंद राहिलेले असताना, त्याच्या हातात बॉल आला तेव्हा त्याने तो लांब फेकला पुढे पळणाऱ्या जॉर्डन क्लार्कसनकडे, क्लार्कसनने डंक केला, म्हणजे उडी मारून बॉल वरून थेट बास्केटमध्ये टाकला. करियरमधली शेवटची नोंद असिस्ट.

वेळ संपलीये, प्रश्न घेऊ. मागे निळ्या शर्टातले दादा मघापासून हात वर करून आहेत, शॅकबद्दलच विचारायचंय ना, या, माईक घ्या.