एक खोड तोडायचं, बाकीची राखायची

(लांब होडी, नदीपात्र)
बोर्निओ बेट. मलेशियाचं सारावाक राज्य. बराम नदी इथे गढूळ वाहते. वर डोंगर उघडे पडले, त्यांची माती आहे ही. उथळ पाण्यात होडी निम्मा वेळ ढकलतच न्यावी लागते.

(कुऱ्हाडीचे घाव)
हा डोंगरी सागो, खोडात पीठ साठवणारं ताडाच्या जातीचं झाड. इथले जंगलातले आदिवासी पेनान, ते याला उवुत म्हणतात. एकेका बेटात अनेक खोडं. जून झालेलं तेवढंच तोडायचं, तेही फुलोऱ्याआधी, कारण फुललं की आतलं पीठ संपतं. कोवळ्यांना हात लावायचा नाही. झाडावर एखाद्या कुटुंबाची खूण असेल, तर दुसरं कुणी तिकडे फिरकत नाही. ही राखण म्हणजे मोलोंग.

खोडाचे तुकडे उभे फाडले. आतला गर लाकडी ठोकण्यानं कुटला. आता ओढ्यावर. वेताच्या दोन चटया, एक वर, एक खाली. वरच्या चटईवर गर पसरून त्यावर पाणी ओतायचं आणि तुडवायचं. या मावशींचे पाय बघा, टाच दाबते, बोटं गर उलटतात, लय चुकत नाही. दुधट पाणी झिरपून खालच्या चटईत साचतं. कुरडयांसाठी गव्हाचा चीक काढतो ना आपण, तसंच ते निवळतं, आणि तळाशी पांढराशुभ्र साका बसतो. तो विस्तवावर वाळवला की पीठ तयार. उकळत्या पाण्यात ढवळून त्याचा चिकट गोळा होतो. काडीनं गुंडाळून उचलायचा आणि रानडुकराच्या रश्श्यात बुडवायचा.

(ओंडके वाहणारे ट्रक)
1987 मध्ये जंगलतोड थांबवायला पेनानांनी हे रस्ते अडवले. त्याच वर्षी सरकारनं वनकायदा बदलून रस्ता अडवणं गुन्हा ठरवला. मूळ जंगल बहुतेक तुटलं. रानोमाळ फिरणारे पेनान आता अगदी थोडे, बाकीचे गावं करून राहिलेत.

(झाडावरची खूण)
सारावाकचा भूमी कायदा वहिवाट मानतो ती मुख्यतः 1 जानेवारी 1958 पूर्वी जंगल साफ करून कसलेल्या जमिनीवर. ज्यांनी जंगल साफ केलंच नाही, त्यांनी पुरावा कुठला आणायचा? अजब कायदा! म्हणून बरामच्या पेनान गावांनी आपल्या मुलखाचे नकाशे करायला घेतले. ओढे, थडगी, सागोची बेटं, सगळं त्यांवर मांडलं, आणि 2017 मध्ये ते नकाशे जाहीर केले.