गाडीतला ख्याल : पेन ड्राइव्ह भरण्यापूर्वी

नमस्कार मंडळी. कॅसेटवरून, सीडीवरून उतरवून घेतलेलं शास्त्रीय गाणं तुमच्यापैकी अनेकांकडे आहे. घरी ते छान वाजतं, मग गाडीत का बिघडतं, एवढाच आजचा विषय. माझं म्हणणं आधीच सांगते : घरची प्रत वेगळी, गाडीची वेगळी. मूळ फाइलला हात लावायचा नाही. तिच्यावरून गाडीसाठी दुसरी करायची.

कारण असं की गाडीत शांतता नसते. हमरस्त्यावर साध्या मोटारीत इंजिन, टायर आणि वारा यांचा मिळून साधारण ६५ ते ७० डेसिबलचा घोष चालू असतो, आणि त्याचा मोठा भाग खालच्या पट्टीतला असतो. विलंबिताचा, म्हणजे संथ लयीतल्या ख्यालाचा, आलाप नेमका तिथेच, मंद्रात सुरू होतो. तानपुरा बुडतो, खर्ज ऐकू येत नाही, म्हणून आपण आवाज वाढवतो. मग अर्ध्या तासानं तार सप्तकातली तान येते आणि स्टिअरिंगवरचा हात दचकून बटणाकडे जातो. एका मैफलीतल्या सर्वांत हळू आणि सर्वांत मोठ्या जागेत २०-२५ डेसिबलचं अंतर सहज असतं. चित्रपटगीतांत ते फार कमी, म्हणून त्यांच्या बाबतीत ही अडचण कुणाला जाणवत नाही.

हे अंतर आपणच थोडं कमी करायचं. ऑडॅसिटी हे ध्वनिसंपादनाचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, त्यात मोठा आवाज दाबणारा कॉम्प्रेसर आहे. गुणोत्तर २ ला १ ठेवा. म्हणजे ठरवलेल्या पातळीच्या वर आवाज २ डेसिबलनं चढला तर फाइलमध्ये तो १ डेसिबलच चढेल. नंतर सगळी फाइल वर उचलायची, की आलाप घोषाच्या वर येतो. मी २ ला १ च्या पुढे जात नाही. त्यापलीकडे तबल्याची थाप चेपते, समेवर येण्यातला जोर जातो, आणि तो गेला तर ख्याल ऐकायचा कशासाठी?

निरनिराळ्या ध्वनिमुद्रणांची पातळी जुळवायची असेल तर एमपीथ्रीगेन हे सॉफ्टवेअर वापरा. ते फाइल पुन्हा एन्कोड करत नाही, १.५ डेसिबलच्या पायऱ्यांनी पातळी वरखाली करतं, त्यामुळे दर्जा घटत नाही. संगणकावरचे काही प्लेअर टॅगमधली, म्हणजे फाइलीतच लिहिलेल्या गाण्याच्या माहितीतली, पातळीची नोंद वाचून आवाज जुळवतात. गाडीतले बरेचसे स्टिरिओ ती वाचतच नाहीत, म्हणून बदल फाइलमध्येच हवा. सुट्या नाट्यपदांना प्रत्येक ट्रॅक वेगळा जुळवा. एका मैफलीचे तुकडे असतील तर अल्बमचा पर्याय घ्या, नाहीतर विलंबित आणि द्रुत एकाच पातळीला येऊन बसतील.

कॅसेटची खरखर काढताना हात राखून ठेवा. खरखर काढणारं सॉफ्टवेअर सतत चालणारा आवाज शोधून पुसतं, आणि तानपुराही सततच चालतो. खरखरीबरोबर जवारी, म्हणजे तानपुऱ्याच्या तारांचा झंकार, गेलेली ध्वनिमुद्रणं मी पुष्कळ ऐकली आहेत. गाडीच्या घोषात खरखर तशीही झाकली जाते, तेव्हा राहू द्या.

विलंबित आणि द्रुत वेगळ्या फाइलींत असतील तर जोडून एक करा. दोन एमपीथ्रींच्या मध्ये बहुतेक स्टिरिओ क्षणभर थांबतात, आणि लय चालू असताना ती फट फार टोचते. एक तासाची फाइल ३२० केबीपीएसला (सेकंदाला ३२० किलोबिट, म्हणजे एमपीथ्रीचा सर्वांत वरचा दर्जा) सुमारे १४४ एमबी होते. ३२ जीबीच्या पेन ड्राइव्हवर २०० तासांहून अधिक गाणं मावतं, मग काटकसर कशाला? मात्र १२८ ची फाइल ३२० ला बदलून काही मिळत नाही. एकदा टाकून दिलेलं परत येत नाही.

आता क्रम. पुष्कळ स्टिरिओ फाइली नावाप्रमाणे लावत नाहीत, पेन ड्राइव्हवर ज्या क्रमानं कॉपी झाल्या त्या क्रमानं वाजवतात. म्हणून नावापुढे ०१, ०२ असे दोन अंकी आकडे घाला आणि कॉपीही त्याच क्रमानं करा. क्रम तरीही चुकला तर फॅटसॉर्ट हे छोटं साधन पेन ड्राइव्हवरच्या नोंदी वर्णक्रमानं लावून देतं. आकडे इंग्रजीच ठेवा. टॅगमधली नावंही रोमन लिपीत लिहा, कारण अनेक स्टिरिओंत देवनागरीचा फॉन्ट नसतो आणि पडद्यावर चौकोन दिसतात. टॅगची आवृत्ती २.३ ठेवा, ती जवळपास सगळीकडे वाचली जाते.

टॅगमध्ये गायकाच्या नावाआधी पंडित, उस्ताद, विदुषी लिहू नका. आदर मनात असू द्या. यादी वर्णक्रमानं लागते, सगळे पंडित ‘पी’खाली गोळा होतात आणि हवा तो गायक सापडेपर्यंत घाट संपतो. एकाच गायकाचं नाव तीन तऱ्हांनी लिहिलंत, तर स्टिरिओच्या लेखी ते तीन गायक.

पेन ड्राइव्ह फॅट३२ या साठवणीच्या पद्धतीत फॉरमॅट करा. एनटीएफएस ही दुसरी पद्धत अनेक गाड्यांना वाचता येत नाही. मॅकवरून कॉपी करणाऱ्यांनी टिंब आणि अधोरेषेनं सुरू होणाऱ्या लपलेल्या फाइली पुसाव्यात. स्टिरिओ त्यांनाही गाणं समजतो आणि वाजवता येत नाही म्हणून अडतो.

ज्यांनी पेन ड्राइव्ह आणले आहेत त्यांनी पुढे या. लॅपटॉप चालू आहे, एकेक लावून पाहू.