हिरो सोडा, मिगेल इंक्लान बघा

हा चिखलात पडलेला आंधळा बघा. पाठीवरचा ढोल पोरांनी फोडलाय, दगड खाऊन झालेत, आणि डोळ्यांसमोर एक कोंबडी येऊन उभी राहिलीये जी त्याला दिसतच नाहीये. सिनेमा 'लोस ओल्विदादोस', १९५०, दिग्दर्शक लुइस बुनुएल. आणि हा मेक्सिकन नट मिगेल इंक्लान.

बिचारा वाटतोय ना? जरा थांबा. हाच म्हातारा बापाने बाजारात टाकून दिलेल्या पोराला हाताशी धरून राबवतो, दूध घेऊन आलेल्या मुलीला मांडीवर ओढतो, आणि शेवटी पोलिसांची गोळी वाजली की म्हणतो, एक कमी झाला. आता त्याची मान बघा, कायम थोडी वर, कान आवाजाकडे, आणि हातात टोकाला खिळा लावलेली काठी. कीव येते न येते तोच किळस येते, दोन्ही त्याच चेहऱ्यावर.

मेक्सिकन सिनेमाच्या सुवर्णकाळाचं नाव निघालं की दोलोरेस देल रिओ, पेद्रो इन्फान्ते, या स्टार्सचेच फोटो. ठीक आहे. पण यांना रडवायला कुणीतरी लागतं की!

हे मेक्सिको सिटीतल्या सोचिमिल्कोचे कालवे, फुलांच्या होड्या, गाब्रिएल फिगेरोआचा कॅमेरा. 'मारिया कांदेलारिया', ज्याला १९४६ मध्ये कान महोत्सवात मोठं बक्षीस मिळालं. यात इंक्लान दुकानदार डॉन दामियान, दोलोरेसवर डोळा ठेवून असलेला. ती मलेरियाने तापलीये आणि त्यावरचं औषध, क्विनाइन, याच्या ताब्यात, आणि हा देत नाही. बास, पुढची सगळी शोकांतिका तिथूनच सुरू होते.

'नोसोत्रोस लोस पोब्रेस' १९४८ चा. इथे तो गांजेकस, पैसे चोरतो, आणि ते बघणारी एकटीच, अंथरुणाला खिळलेली म्हातारी, जिला बोलता येत नाही. तिची नजर सहन होईना म्हणून तिलाच बदडतो. चूक आपली आणि राग दुसऱ्यावर, असली माणसं आपण बघितलीयेत.

कायम खलनायकच? नाही हो. 'सालोन मेहिको' बघा. डान्स हॉलमध्ये काम करणाऱ्या मार्गा लोपेसवर मनापासून जीव लावणारा साधा पोलीस, लग्नाचं विचारतो तेव्हा युनिफॉर्ममधला हा धिप्पाड माणूस शाळेतल्या पोरासारखा अवघडलेला. मला विचाराल तर त्याचं सगळ्यात भारी काम हेच.

मधेच हॉलिवूड. जॉन फोर्डच्या 'फोर्ट अपाची'मध्ये हा कोचीस, अमेरिकेतल्या अपाची आदिवासींचा सरदार, बोलतो स्पॅनिश, आणि ते इंग्रजीत सांगायला कोण, तर पेद्रो आर्मेंदारिस, म्हणजे 'मारिया कांदेलारिया'त ज्याचा यानेच छळ केला तो हिरो! समोर हेन्री फोंडाचा कर्नल तोऱ्यात अपमान करतोय, इंक्लान जागचा हलत नाही, आणि तुमची नजर कुणावर आहे ते तुम्हीच बघा.

१९५६ मध्ये तो तिहुआनात वारला. पुढच्या क्लिप्समध्ये हिरोकडे बघू नका, बाजूच्या माणसाकडे बघा.