आठ मिलिमीटरचा ‘मी’

जुन्या घरगुती फिल्मचा पत्र्याचा डबा उघडला की आधी वास घ्यायचा. व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर फिल्मचं अ‍ॅसिटेट, म्हणजे तिची प्लास्टिकची पट्टी, सडायला लागलंय. अशी रीळ प्रोजेक्टरवर चढवायचीच नाही. आक्रसलेल्या फिल्मची भोकं दात्यांशी जुळत नाहीत आणि फिल्म टरकन फाटते. हातानं हळूहळू गुंडाळायची, कडा चाचपायच्या, सुटलेले सांधे पुन्हा जोडायचे.

चेक दिग्दर्शक यान शिक्ल यांचं काम अशा डब्यांपासून सुरू होतं. घराघरांत पडून असलेल्या खासगी फिल्म त्यांनी वर्षानुवर्षं गोळा केल्या. त्यांतून ‘सोउक्रोमे स्तोलेती’, म्हणजे ‘खासगी शतक’, ही आठ भागांची मालिका उभी राहिली.

ही साडेनऊ मिलिमीटरची पट्टी. पाथे कंपनीनं १९२२ मध्ये आणलेली. हिची भोकं कडेला नाहीत, दोन चौकटींच्या मधोमध आहेत. त्यामुळे चित्राला जवळपास पूर्ण रुंदी मिळते. पण ओढणारा आकडा घसरला, की ओरखडा थेट चेहऱ्यावर.

आणि ही आठची. मुळात सोळा मिलिमीटर रुंद. आधी अर्ध्या रुंदीवर चित्रण, मग रीळ उलटून उरलेल्या अर्ध्यावर. धुतल्यावर ती उभी चिरतात, दोन्ही पट्ट्या जोडतात. साडेसात मीटरचे पंधरा मीटर होतात आणि चालतात जेमतेम चार मिनिटं. उलटताना उजेड शिरतो, म्हणून मध्येच हा पांढरा झोत. वापरलेली रीळ चुकून पुन्हा भरली, तर एका रविवारवर दुसरा रविवार उमटतो.

कॅमेरा चावीचा. एकदा चावी दिली की साधारण अर्धं मिनिट चालणार. फिल्म महाग. मग काय टिपलं जातं? नाताळ, लग्न, नदीवरची आंघोळ, बाळाची पहिली पावलं. सगळे हसताहेत, हात हलवताहेत. घरातलं भांडण कुणी टिपत नाही. दारात पोलीस आले असताना चावी कोण देणार?

ती न टिपलेली बाजू शिक्ल आत्मकथनातून आणतात. पत्रं, डायऱ्या, नातेवाइकांच्या आठवणी यांतून संहिता तयार होते आणि घरातलंच एक माणूस ‘मी’ म्हणून बोलतं. पडद्यावर बागेत हसणारे वडील; त्याच वेळी आवाज त्यांच्याबद्दल वेगळंच सांगतो. चित्रात दिसतं तेच आवाजानं पुन्हा सांगितलं, तर दोन्ही वाया जातात. चेकोस्लोव्हाकियातला जर्मन ताबा, १९४८ चा कम्युनिस्ट सत्तापालट, हातची गेलेली घरं: हे सगळं त्या ‘मी’च्या तोंडून, ओघात येतं.

वेग मात्र सांभाळावा लागतो. चित्रण सेकंदाला १६ चौकटींचं. २५ च्या वेगानं दाखवलं, तर माणसं दीडपट वेगानं तुरुतुरु पळतात आणि प्रेक्षक हसतो. म्हणून दर दुसरी चौकट दोनदा घ्यायची: १६ च्या २४ होतात, २५ च्या अगदी जवळ. हालचालीत बारीक झटका राहतो, तो चालेल. आता बघा, ही बाई चालत येते, थांबते, वाऱ्यानं उडालेले केस मागे सारते.

स्कॅन झालं तरी मूळ रीळ टाकायची नाही. गार, कोरड्या जागी ठेवायची. आणि झाकणावरची पेन्सिलची ही चिठ्ठी काढू नका. साल आणि गाव बऱ्याचदा फक्त तिच्यावरच असतं.