लसणीच्या वासामागून लिस्बन

अध्यक्ष महोदय आणि मंडळी,

संयोजकांनी विषय विचारला तेव्हा मी म्हटलं, ‘लिस्बनमधली एक खाद्यफेरी.’ पलीकडे जरा शांतता. मग हळूच प्रश्न आला, ‘आणि वाइन?’ म्हटलं, वाइनही आहे. नाशिकात राहून वाइनचं नाव घ्यायला लाजायचं कशाला? ‘मग गर्दी होईल,’ असं ते म्हणाले होते. दारापर्यंत उभी असलेली मंडळी बघता त्यांचा अंदाज चुकला नाही. पण आधीच सांगते, चव दाखवायची सोय इथे नाही.

फेरी म्हणजे काय, तर दहा-बारा जणांचा गट, गावातलाच एक वाटाड्या, साडेतीन तासांची पायपीट आणि मध्ये सहा-सात थांबे. प्रत्येक थांब्यावर दोन घास, एक घोट. आमच्या ह्यांना ही कल्पनाच पटली नव्हती. ‘दोन घासांसाठी पैसे भरून चालायचं? वारीत चाललो तर फुकट जेवायला घालतात,’ म्हणाले. पण आदल्या रात्री एका हॉटेलात आम्ही न मागता पाव, ऑलिव्ह आणि चीज टेबलावर आलं. पाहुणचार समजून आम्ही ते फस्त केलं, आणि बिलात ते सगळं ओळीने लागलेलं! तिकडे याला ‘कुव्हेर’ म्हणतात. नको असेल तर हात न लावता परत पाठवायचं, एवढाच नियम. हा नियम कुणीतरी आधी सांगायला हवा होता, असं हे स्वतःहून म्हणाले. मी लगेच फेरीचे पैसे भरून टाकले.

आमची वाटाडी तिशीतली मुलगी होती, इतिहास शिकलेली. तेजो नदीकाठच्या मोठ्या चौकात सगळे जमल्यावर तिनं पहिलंच वाक्य टाकलं, ‘आज मी तुम्हाला खूप गोष्टी सांगणार आहे. काही खऱ्या आहेत, काही चविष्ट आहेत. कुठली कुठली, तेही सांगेन.’ मी तीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला. असं वाक्य पहिल्या तासाला वर्गात बोलायची माझी कधी छाती झाली नाही.

त्या चौकाला लोक अजून ‘राजवाड्याचं अंगण’ म्हणतात, पण राजवाडा नाही. 1 नोव्हेंबर 1755 ला, सर्व संतांच्या सणाच्या सकाळी, लोक चर्चमध्ये असताना भूकंप झाला. मग नदीतून लाटा आल्या, आणि मेणबत्त्या-चुलींनी लागलेली आग पुढे कित्येक दिवस जळत राहिली. राजवाडा गेला आणि त्याच्याबरोबर ‘काझा दा इंडिया’ही गेलं, म्हणजे आपल्याकडच्या मिरी-दालचिनीचा हिशोब ठेवणारी कचेरी. पुढे पोंबाल नावाच्या प्रधानानं सरळ, काटकोनी रस्त्यांचं नवं गाव बसवलं. भिंतींच्या आत लाकडी पिंजरे घातले, म्हणजे पुन्हा हादरा बसला तर घर वाकेल पण पडणार नाही. याच माणसानं 1756 मध्ये दोरू नदीच्या खोऱ्यातली द्राक्षजमीन आखून दिली आणि पोर्ट वाइन कुठल्या हद्दीतली, ते ठरवून टाकलं. कारण अगदी आपल्या ओळखीचं होतं, भेसळ! रंग गडद दिसावा म्हणून व्यापारी एल्डरबेरी नावाच्या रानफळाचा रस मिसळायचे. पोंबालनं ती झाडंच उपटायला लावली. हे ऐकून मागच्या रांगेतले आमचे बागाईतदार हसताहेत. हसू नका, नोंद घ्या.

पहिला थांबा एका छोट्या खाणावळीत. बशीत आल्या तळलेल्या फरसबीच्या शेंगा, पिठात बुडवून कुरकुरीत केलेल्या. नाव ‘पेशिन्योश दा ऑर्ता’, म्हणजे मळ्यातले छोटे मासे. उपासाच्या दिवशी मांस चालत नाही, तेव्हा फरसबीवर भागवायचं. हे म्हणाले, ‘ही तर आपली भजी.’ भजीच, फक्त पीठ गव्हाचं. सोबत ‘विन्यो व्हेर्द’. याचा शब्दशः अर्थ हिरवी वाइन, पण रंग हिरवा नसतो. हिरवी म्हणजे कोवळी, लवकर प्यायची. ती वायव्येकडच्या, पावसाळी मिन्यो भागातली. हलकी, आंबटसर, जिभेवर किंचित चुरचुरणारी. तळणाबरोबर ती का देतात ते एका घोटात कळतं. भज्यावर आपण लिंबू पिळतो, तेच काम ती करते.

ही शेंगभजी पोर्तुगीजांबरोबर जपानला गेली आणि तिथे तिची तेंपुरा झाली, असं ती म्हणाली. इथे मला राहवलं नाही. मी म्हटलं, ‘आणि तुमच्या ओब्रिगादूवरून, म्हणजे धन्यवादावरून, जपान्यांनी त्यांचं अरिगातो घेतलं.’ वर्गात हे मी वर्षानुवर्षं सांगितलंय, मुलं खूश व्हायची. ती हसली. ‘ही चविष्टपैकी,’ म्हणाली. पोर्तुगीज जपानला पोचले 1543 मध्ये, आणि अरिगातोचं मूळ त्याच्या कित्येक शतकं आधीच्या जपानीत सापडतं. ह्यांनी माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, ती नजर संबंध सहलभर टिकली. माझे कुणी विद्यार्थी इथे बसले असतील, तर तेवढं वाक्य वहीतून खोडा.

मग नदीला समांतर जाणाऱ्या आर्सेनाल रस्त्यावर वळलो. तिथे दुकान दिसायच्या आधी वास येतो. खारवलेल्या, वाळवलेल्या कॉड माशाचा, म्हणजे ‘बाकल्याव’चा. फळीसारखे कडक, पांढरे त्रिकोणी तुकडे थप्पीनं रचलेले. दुकानदार कापायच्या यंत्रावर त्याचे तुकडे पाडतो, तो आवाज लाकडाच्या वखारीतला वाटतो. आपल्याकडे सुक्या बोंबलाच्या बाजारातून नाक मुरडत जाणारे आणि तिथेच रेंगाळणारे असे दोन तट पडतात, तसंच आमच्या गटात झालं. गंमत अशी, की हा मासा पोर्तुगालच्या समुद्रात सापडतच नाही. तो थंड पाण्यातला, न्यूफाउंडलंडचा, नॉर्वेचा. शतकानुशतकं ही माणसं परक्या समुद्रातून तो आणतात आणि त्याला ‘इमानी दोस्त’ म्हणतात. घरी आणल्यावर दोन दिवस पाणी बदलत भिजवायचा, मग खारटपणा उतरतो. आम्हाला मिळाला तो ‘आ ब्राश’ प्रकारचा. माशाचे धागे, काडीसारखे तळलेले बटाटे आणि वरून जेमतेम आळलेलं अंडं.

बटाटे आले तशी गटाला मी एक यादी ऐकवली. बटाटा, पाव, काजू, अननस, कोबी, साबण, चावी, लिलाव, घमेलं, पिंप, हे सगळे शब्द आम्ही रोज वापरतो आणि सगळे तुमच्याकडून आलेले. वाटाडी थबकली ती ‘पिंप’वर. त्यांचा ‘पिपा’ म्हणजे वाइनचं लाकडी पीप, दोरूत साधारण 550 लिटरचं. ‘तुमच्याकडे पिंपात काय असतं?’ तिनं विचारलं. म्हटलं, आमच्या गच्चीवर नळाचं पाणी असतं, तेही एक दिवसाआड.

पुढच्या दुकानात मदेरा बेटाची वाइन होती, आणि ती मला सगळ्यांत आवडली. अक्रोडासारखी, थोडी करपलेल्या साखरेसारखी. जुन्या काळी ही पिंपं जहाजावर चढायची, उष्ण कटिबंधातून भारतापर्यंत जायची, आणि उरलीसुरली परतही यायची. महिनोन्‌महिने उकाड्यात उकडून निघालेली ही वाइन नासायला हवी होती, ती सुधारली! तिला नाव पडलं ‘विन्यो दा रोदा’, फेरा मारून आलेली वाइन. भावही जास्त. आता जहाजाची कटकट नको म्हणून बेटावरच गरम करतात, किंवा उन्हानं तापणाऱ्या माळ्यावर ठेवतात. बुचाचंही तिथेच कळलं. जगातलं निम्मं बूच एकट्या पोर्तुगालचं. बूच-ओकची साल पहिल्यांदा काढायला झाड पंचवीस वर्षांचं व्हावं लागतं, आणि मग दर नऊ वर्षांनी. साल काढली की खोडावर त्या वर्षाचा शेवटचा आकडा रंगवून ठेवतात, म्हणजे पुढची पाळी कधी ते विसरायला नको.

आता लसणीकडे येते. खरं तर एवढ्यासाठीच मी हा विषय घेतला.

एका जुन्या खाणावळीत तिनं सॉसेज मागवलं, ‘अल्येयरा’. तळून साल तडकलेली, आत पाव, कोंबडी आणि लसूण. लसणीला ते ‘आल्यू’ म्हणतात, त्यावरून अल्येयरा. ती म्हणाली, ‘हा शब्द तुमच्या जेवणातही आहे.’ मला लगेच सापडला नाही. विंडालू! ‘वीन्या द आल्योश’, म्हणजे वाइन आणि लसणीत मुरवलेलं मांस. गोव्यात वाइनच्या जागी माडाच्या ताडीचा व्हिनेगर आला, अमेरिकेहून पोर्तुगीजांनीच आणलेली मिरची आली, आणि नावातली लसूण तशीच राहिली. पुढे ‘आलू’ ऐकून काहींनी त्यात बटाटे घातले, तो निव्वळ कानाचा दोष.

अल्येयराची गोष्ट अशी सांगतात. 1496 मध्ये राजा मानुएलनं ज्यूंना देश सोडायचा हुकूम काढला, आणि पुढच्याच वर्षी जायची वाट बंद करून त्यांचा बळजबरीनं बाप्तिस्मा केला. त्यांना नाव पडलं ‘नवे ख्रिस्ती’. गावोगाव थंडीत घराघरांत डुकराचं सॉसेज धुरावर टांगलेलं असायचं. ज्याच्या घरी नाही, त्याच्यावर शेजाऱ्यांचा डोळा. म्हणून या लोकांनी पाव आणि कोंबडी भरून, दिसायला तसंच सॉसेज केलं आणि टांगलं. आम्ही सगळे घास हातात धरून गप्प. तेव्हा ती म्हणाली, ‘ही गोष्ट सगळा देश सांगतो. पण कागदोपत्री भक्कम पुरावा नाही. गरिबीत उरलासुरला पाव वापरायची युक्तीही असेल. आता तर यात सर्रास डुक्करही घालतात.’ हे ऐकून ह्यांनी चावणं थांबवलं. मग दुकानदाराला विचारून खात्री केली, आमच्यात नव्हतं.

गोष्ट ठाम नाही, पण भीती ठाम आहे. ती कुठे लिहिलेली आहे, ते दाखवायला ती आम्हाला रोसियू चौकात घेऊन गेली. उत्तरेला खांबांचं देखणं राष्ट्रीय नाट्यगृह आहे. त्या जागी पूर्वी इन्क्विझिशनचा, म्हणजे धर्मद्रोही शोधून शिक्षा देणाऱ्या चर्चच्या न्यायालयाचा, वाडा होता. पोर्तुगालात इन्क्विझिशन आलं 1536 ला, गोव्यात 1560 ला. मला गार्सिया द ऑर्ता आठवला. ज्यू घराण्यातला, नवा ख्रिस्ती, याच लिस्बनमध्ये शिकवणारा वैद्य. 1534 मध्ये तो गोव्याला निघून आला. आपल्या हिंगाबद्दल, आंब्याबद्दल, औषधी झाडपाल्याबद्दल त्याचं संवादरूप पुस्तक 1563 ला गोव्यातच छापलं गेलं. मुंबई बेटसुद्धा काही काळ त्याच्याकडे खंडानं होतं. तो 1568 मध्ये अंथरुणात मेला. पुढच्याच वर्षी त्याच्या बहिणीला जाळलं, आणि 1580 मध्ये त्याची हाडं उकरून तीही जाळली. हे मी तिला सांगितलं. त्या दिवशी तिला ठाऊक नसलेलं मी सांगितलेलं एवढंच, आणि ते खरं होतं.

शेवटचा थांबा तिथून शंभर पावलांवर, सांव दोमिंगोशच्या चर्चसमोरचा छोटा चौक. 1506 च्या एप्रिलमध्ये, दुष्काळ आणि प्लेगच्या दिवसांत, या चर्चमध्ये कुणाला तरी चमत्कार दिसला. एका नव्या ख्रिस्त्यानं शंका काढली, आणि दंगल पेटली. तीन दिवसांत हजारांच्या घरात माणसं मारली. त्यांच्या स्मरणार्थ दगड उभा राहिला तो 2008 साली. चर्चही 1959 च्या आगीत आतून जळालं. छप्पर नवं आहे, पण खांब तसेच तडकलेले ठेवलेत. समोर 1840 पासूनचं एक दुकान. दुकान कसलं, नुसता कट्टा. तिथे फक्त ‘जिंजिन्या’ मिळते, आंबट चेरी दारूत आणि साखरेत मुरवलेली. इवल्याशा पेल्यात, उभ्यानं प्यायची. माणूस एकच प्रश्न विचारतो, ‘कों एलश, ओ सें एलश?’ चेरीसकट की चेरीविना?

मी सकट म्हटलं. मधुर, दाट, घशाला ऊब देणारी. चेरी चोखून सगळे बिया खाली टाकत होते, तिथली तीच रीत. फरशी चिकट झालेली, चपला चटचट वाजत होत्या. त्या स्मारकाच्या दगडाशेजारी आफ्रिकेतले म्हातारे गप्पा मारत बसले होते. माझ्या तोंडात बी होती. ती काही मला तिथे थुंकवेना. मी रुमालात घेतली. हे म्हणाले, ‘काय करतेस?’ मी म्हटलं, ‘काही नाही.’

मग गटातल्या एकानं विचारलं, ट्राम कुठून मिळेल.