मासे खाणारं बदक आणि कृष्णेतला पाणकावळा

(पाण्यावर धुकं, मागं आयर्विन पूल)

डिसेंबरातली सकाळ, सांगलीचा घाट. कॅमेरा लावला आणि मी आपलं सहज बोलून गेलो, ती काळी बदकं बघा कसले मासे पकडतायत, तर नाववाले मामा हसायलाच लागले. "आरं बदक नव्हं ते, पाणकावळा त्यो!"

मामांचं बरोबर होतं. पण बुडी मारून मासे खाणारं बदक जगात आहे बरं का, फक्त ते आपल्या कृष्णेवर सहसा दिसायचं नाही. त्याचं नाव मर्गान्सर. हिवाळ्यात हिमालयातनं उतरणाऱ्या नद्यांवर येतं, कॉर्बेटमधल्या रामगंगेवर लोक त्याच्यासाठी मुद्दाम जातात. नराचं डोकं काळपट हिरवं, मादीचं विटकरी आणि मागं विस्कटलेली शेंडी, जणू आत्ताच झोपेतनं उठलीय. आधी नुसतं तोंड पाण्यात घालून खाली मासा कुठंय ते बघणार, दिसला की गडप.

(चोचीचा क्लोजअप)

आता खरी गंमत चोचीत आहे. आपल्या मायणीच्या तलावावर थापट्या येतो ना, फावड्यासारख्या चोचीचा, त्याच्या चोचीच्या कडेला बारीक कंगवा असतो, त्यातनं तो पाणी गाळतो आणि आतलं किडूकमिडूक खातो. मर्गान्सरचा हाच कंगवा बदलत बदलत करवत झालाय. दातेरी कडा, दाते मागं वळलेले, टोकाला आकडा, मग बुळबुळीत मासा सुटेल कसा? पण हे खरे दात नव्हेत हां, कंगव्याचंच दुसरं रूप.

ह्या चोचीनं पूर्वी शास्त्रज्ञांनाही चकवलं, मर्गान्सरांना बाकी बदकांपासून वेगळं काढून ठेवायचे. पण 1945 मध्ये डेलाकूर आणि मायर या दोन पक्षीशास्त्रज्ञांनी बदकांची नवी मांडणी केली, त्यात मर्गान्सर जाऊन बसले सोनेरी डोळ्याच्या गोल्डनआय बदकाच्या शेजारी. ते शिंपले-किडे खातं, चोच आखूड, दिसायला काहीच साम्य नाही. पण दोघं झाडाच्या ढोलीत अंडी घालतात, पिल्लं एक-दोन दिवसांची झाली की वरनं धडाधड उड्या टाकतात, आणि स्म्यू नावाचं छोटं मासेखाऊ बदक तर गोल्डनआयशी संकरसुद्धा करतं. हे स्म्यू आधी मर्गस, म्हणजे मर्गान्सरांच्याच वंशात होतं, आता त्याला वेगळा वंश दिलाय. मर्गसमध्ये आज चारच जाती उरल्यात, न्यूझीलंडच्या खालच्या ऑकलंड बेटांवरची एक गेल्या शतकाच्या सुरुवातीला संपली आणि ब्राझीलवाली अगदी काठावर आहे.

(पंख पसरून बसलेला पाणकावळा)

मग पाणकावळा बदक का नाही? पाय बघा. बदकाची पुढची तीन बोटं पडद्यानं जोडलेली, पाणकावळ्याची चारही. त्याची पिसं वरनं भिजतात, त्यानं अंग जड होतं आणि बुडायला सोपं जातं, पण मग असं वाळत बसावं लागतं. मर्गान्सर शेपटीजवळच्या ग्रंथीतलं तेल चोचीनं पिसांना चोपडतं, त्याला हे वाळवण घालायची गरज नाही. धंदा एकच, पण घराणी पार वेगळी.

तेवढ्यात मामांनी बोट दाखवलं, "आन् ती बारकी?" ती टिबुकली. तीसुद्धा बदक नाही, तिच्या बोटांना पडदा नाही, प्रत्येक बोटाला वेगळी पानासारखी झालर असते. आणि 2001 पासूनचे डीएनएचे अभ्यास सांगतात की टिबुकलीच्या घराण्याचं सगळ्यात जवळचं नातं कुणाशी, तर रोहित पक्ष्याशी, म्हणजे फ्लेमिंगोशी! येरळा नदीवरच्या येरळवाडीच्या तलावावर येतो तोच. मला स्वतःला हे पचायला दोन दिवस लागले.

मामांना सांगितलं. त्यांनी जरा विचार केला, वल्हं टेकवलं.

"येरळा ब्रह्मनाळला कृष्णेलाच मिळती की. मग पाव्हणं एवढ्या जवळ येत्यात आन् ही हिकडं एकटीच बुड्या मारत बसती व्हय?"

(टिबुकली गडप. पाण्यावर गोल लाटा.)